फुकुओकाहून एका दिवसात: १२३ लाल तोरी, त्सुनोशिमाचा पूल आणि बुडालेला राजा. गाइडवाल्या बसने जावं का?

घारगे_वडे

आधीच सांगते, मी टूरबसवाली बाई नाही. झेंडा उंच धरलेल्या गाइडच्या मागे चाळीस माणसं निघाली की मी गल्ली बदलते. पण ऑक्टोबरच्या शेवटी आई देवरुखहून आली ती येतानाच फोनमध्ये एक फोटो घेऊन आली. कड्यावरून समुद्राकडे उतरत गेलेली लाल तोरींची, म्हणजे देवळाच्या कमानींची, रांग. "हे तुमच्या जवळच आहे ना गो?"

जवळ म्हणजे, जपानच्या नकाशावर जवळ. फोटोतलं मोतोनोसुमी देऊळ यामागुची प्रांतात, नागातो शहराच्या हद्दीत, जपान समुद्राच्या काठावर आहे. हाकाताहून (फुकुओकाचं मुख्य स्टेशन) बसने सरळ गेलं तरी अडीच तास. रेल्वेने जायचं तर सानइन मार्गावरच्या एका छोट्या स्टेशनावर उतरायचं, तिथे गाड्याच मोजक्या, आणि पुढे टॅक्सी मिळाली तर मिळाली. माझं जपानी लायसन्स अजून झालेलं नाही (दोनदा नापास, विषय संपला). आईचे गुडघे आहेतच. म्हणून नाक मुठीत धरून गाइडवाली बस बुक केली. कंपनीचं नाव देत नाही, का ते पुढे कळेल.

सकाळी आठला हाकाता स्टेशनच्या चिकुशी दारापाशी जमायचं होतं. आई साडेसातलाच हजर, पिशवीत तिखटमिठाच्या पुऱ्या. वाटेत तीन मुख्य थांबे: शिमोनोसेकी, त्सुनोशिमा आणि शेवटी मोतोनोसुमी.

शिमोनोसेकीचा थांबा मी मनात "मासळीबाजार" म्हणून मोडीत काढला होता. कारातोचा बाजार आहेच तिथे. शुक्रवार ते रविवार आणि सुट्टीच्या दिवशी कोळी-व्यापारी सुशी मांडून बसतात, लोक ताटल्या भरभरून बाहेर धक्क्यावर जाऊन खातात. फुगु माशाला इथे "फुकु" म्हणतात, कारण फुकु म्हणजे भाग्य. विषारी माशाला भाग्य म्हणायचं धाडस कोळ्यांनीच करावं. आई वास घेऊन दोन मिनिटांत बाहेर. मग आम्ही दोघी चालत आकामा देवळात गेलो, दहा मिनिटंसुद्धा लागली नाहीत.

आणि तिथे मी अडकले. खाली पांढरा चुना, वर शेंदरी लाकूड अशी वेशीसारखी मोठी कमान, समोर रस्ता आणि रस्त्यापलीकडे लगेच खाडी. कानमोनची सामुद्रधुनी. पलीकडचं क्युशू इतकं जवळ की तिकडच्या इमारतींच्या खिडक्या मोजाव्यात. हे देऊळ आंतोकु नावाच्या सम्राटाचं. ११८५ साली इथल्याच पाण्यात, दान-नो-उराच्या लढाईत, ताइरा घराणं मिनामोतो घराण्यापुढे संपलं. सम्राट तेव्हा आपल्या हिशेबाने सहा वर्षांचा, जुन्या जपानी मोजणीने आठ. सगळं हरलं हे दिसल्यावर आजीने त्याला कवेत घेतलं, लाटांच्या खालीही एक राजधानी आहे असं सांगितलं आणि उडी घेतली. ती कमान तशी म्हणूनच आहे, समुद्राखालच्या नागराजाच्या महालाच्या दारासारखी. पोराला सांगितलेली थाप पुढच्यांनी खरी करून दिली.

आमच्या गाइडबाईंनी हे जपानीत पाच मिनिटं सांगितलं, आवाज कातर करून. इंग्रजीत सांगितलं: "एम्परर, चाइल्ड, व्हेरी सॅड." बस्स. मी कानाला लागून आईला जमेल तसं सांगितलं. आई बराच वेळ पाण्याकडे बघत होती. मग म्हणाली, "आजीने? आईने नाही?" सम्राटाची आई पण होती, तिनेही उडी मारली, पण तिला शत्रूने आकड्याने ओढून वर काढलं आणि ती पुढे कित्येक वर्षं जगली. हे ऐकल्यावर मात्र माझी आई काही बोलली नाही.

देवळाच्या बाजूला ताइरांच्या समाध्या आहेत, शेवाळलेले दगड, नि तिथेच "कान नसलेल्या होइची"ची मूर्ती. आंधळा गवई, मेलेल्या योद्ध्यांपुढे त्यांच्याच पराभवाचं गाणं म्हणायला जायचा. भुतांपासून वाचवायला भटजींनी त्याच्या अंगभर सूत्रं लिहिली, कान राहिले. पुढचं कळलंच असेल.

त्सुनोशिमा मी थोडक्यात उरकते, कारण त्याचे फोटो तुम्ही पाहिलेच असतील. १७८० मीटरचा पूल, २००० साली झाला, टोल नाही. पाणी खरंच त्या रंगाचं आहे. पूल मध्येच एका चिमुकल्या बेटाला वळसा घालून जातो, बेट फोडलं नाही. आमच्याकडे कुणी हायवे करताना असा वळसा घातल्याचं ऐकिवात नाही. पुलापलीकडे, त्सुनोशिमा बेटावर, १८७६ पासूनचं ग्रॅनाइटचं दीपगृह आहे, शंभरावर पायऱ्या. आई खाली बाकावर बसली, मी चढले, वर वाऱ्याने ओढणी डोक्यावरून तोंडावर.

त्यानंतर खरा घोळ. वेळापत्रकात नसलेला एक थांबा: माशाच्या वड्यांचं (कामाबोको) दुकान. चाळीस मिनिटं! चाखून बघा, घ्या, पॅक करून देतो. आणि मोतोनोसुमीला किती? पन्नास. ज्या देवळासाठी अख्खी बस आली त्याला पन्नास मिनिटं, त्यात पार्किंगपासून चालणं धरून. म्हणून नाव देत नाही.

पण ती पन्नास मिनिटं! वरून पाहिलं तर हिरवा उतार, काळा खडक, खाली फेसाळ पाणी आणि त्यातून १२३ तोरी शंभरेक मीटर नागमोडी उतरत जातात. जुनं काही नाही हे. १९५५ साली एका कोळ्याच्या स्वप्नात पांढरा कोल्हा आला आणि इथे देऊळ कर म्हणाला. तोरी तर १९८७ पासून दहा वर्षांत लोकांनी वाहिलेल्या. माझ्याहून थोड्याच मोठ्या.

दानपेटी वरच्या मोठ्या तोरीच्या माथ्यावर, जमिनीपासून साधारण ५ मीटर. नाणं खालून फेकायचं, आत पडलं तर इच्छा पुरी. मी पाच येनची नाणी साठवून नेली होती, कारण "गोएन" म्हणजे पाच येन आणि गोएन म्हणजे ऋणानुबंधही. नाण्याला मधोमध भोक, वारा समुद्राकडून. अकरा नाणी फेकली. एकही नाही. मी दर वेळी ती गवतातून वेचून आणायची, पुन्हा फेकायची.

आईला नाणं दिलं तर तिने हातच मागे घेतला. "देवाला पैसे फेकून मारायचे? आणि ते खाली पडले की पायदळी?" तिने नाणं तोरीच्या बुंध्याशी ठेवलं, हात जोडले आणि वळली. मागची सातवी-आठवीतली पोरं बघतच राहिली.

आता विचारायचं ते: तुम्ही अशा बसने गेला आहात का? परत अशी सहल करावी का, की लायसन्स होईपर्यंत थांबावं? आईची डिसेंबरपर्यंत मुदत आहे.

---

खेकडाभजी

मस्त लिहिलंय. वाचनखूण साठवली. खर्च किती आला? आणि शाकाहारींनी त्या बसमध्ये जेवायचं काय?

घारगे_वडे

@खेकडाभजी, माणशी दहा हजार येनच्या आत-बाहेर, जेवण सोडून. खाण्याचं म्हणाल तर पुऱ्या जिंदाबाद. त्या भागात कावारा सोबा मिळतो, तापलेल्या कौलावर हिरव्या चहाच्या शेवया परततात, वर अंडं आणि गोमांस. "मांस नको" म्हटलं तर काढून देतीलही, पण बुडवून खायच्या रसात वाळलेल्या बोनितो माशाचा अर्क असतोच. आईला मी हे सांगितलंही नाही, सरळ पुरी दिली. सुविधा-दुकानातून भाताचे त्रिकोण घ्यायचे तर आंबट मनुकेवाला (उमे) किंवा समुद्रशेवाळवाला, तोही मागचं लेबल वाचून.

बंदर_टू_बंदर

दान-नो-उरा वाचलं आणि राहवलं नाही. मी या सामुद्रधुनीतून चार वेळा गेलोय, पण जहाजाच्या ब्रिजवरून, म्हणजे सुकाणूच्या खोलीतून. तुम्ही ज्या पाण्याला खाडी म्हणता ना, त्याची ओढ दहा नॉटपर्यंत (ताशी साधारण साडेअठरा किलोमीटर) जाते आणि दिवसातून चार वेळा दिशा बदलते. अरुंद भागाला हायातोमो म्हणतात, वर कानमोन पूल. तिथे प्रवाहाच्या विरुद्ध जायचं तर प्रवाहाच्या वेगापेक्षा किमान तीन नॉट जास्त वेग ठेवायचा असा नियम आहे, नाहीतर मधेच उभे राहाल आणि मागचा अंगावर येईल. रेडिओवर "कानमोन मार्टिस", म्हणजे जहाजांच्या वाहतुकीचं नियंत्रण केंद्र, सतत बोलत असतं. काठावर मोठे विजेचे फलक आहेत: आधी ई किंवा डब्ल्यू, मग एक आकडा, मग वर किंवा खाली बाण. ई म्हणजे पूर्वेकडे ओढ, आकडा म्हणजे किती नॉट, बाण म्हणजे वाढतेय की कमी होतेय. पुढच्या वेळी बसमधून बघा.

त्या लढाईत प्रवाह उलटला आणि ताइरांची बाजू उलटली असं जहाजाला वाट दाखवणाऱ्या जपानी पायलटनेच मला सांगितलं होतं. इतिहासकार काय म्हणतात माहीत नाही बुवा, पण त्या पाण्यात वल्ह्याची होडी घालायची म्हणजे काय हे ज्याने पाहिलंय तो लगेच मान डोलावतो.

घारगे_वडे

@बंदर_टू_बंदर, तो फलक मी पाहिला! मला वाटलं पार्किंगची जागा दाखवतोय.

पाटा_वरवंटा

सॉरी, पण चाळीस मिनिटं माशाच्या वड्यांना हे वाचूनच रक्त तापलं. गाइडेड टूर हा प्रकारच असा. स्वतः गाडी घ्या. जपानमध्ये आपल्यासारखंच डावीकडून चालवतात, रस्ते लोण्यासारखे. आम्ही दोघांनी मागच्या वर्षी हाच पट्टा भाड्याच्या गाडीने केला, मोतोनोसुमीला सूर्यास्तापर्यंत बसलो, कुणी शिट्टी मारली नाही.

खेकडाभजी

भारतीय लायसन्सवर चालवता येतं?

पाटा_वरवंटा

नुसत्या लायसन्सवर नाही. आपल्या आरटीओतून आंतरराष्ट्रीय परवाना काढायचा, निघायच्या आधी. भारताचा परवाना १९४९ च्या जिनिव्हा करारातला असतो, जपान तोच मानतं. मूळ लायसन्स आणि पासपोर्ट सोबत. मात्र हे पर्यटकांसाठी. तिथे राहणाऱ्यांना जपानी लायसन्सच करून घ्यावं लागतं, म्हणून धागाकर्तीची पंचाईत.

घारगे_वडे

जखमेवर मीठ चोळल्याबद्दल आभार.

सह्यकडा७७

छान ओळख. शिंतो, हा जपानचा देवळांचा धर्म, म्हणजे मुळात आपलाच धर्म आहे. तोरी हा शब्द तोरणावरून आला, त्यांचे सगळे देव आपलेच आहेत, बेन्झाइतेन म्हणजे सरस्वती. आपल्या लोकांना माहीत नसतं म्हणून सांगितलं.

वाळवणातली_मिरची

@सह्यकडा७७, अर्धं बरोबर आहे आणि अर्ध्याने घोटाळा होतो, म्हणून थोडं लांब लिहितेय.

बेन्झाइतेन सरस्वतीच, यात वाद नाही. पण ती बौद्ध धर्माबरोबर, चीनमार्गे गेली. हिरोशिमाजवळच्या मियाजिमा बेटावर इत्सुकुशिमा देऊळ आहे, तिथली देवी मुळात स्थानिक, मुनाकाताच्या तीन देवी-बहिणींपैकी एक, आणि शतकानुशतकं लोक तिला बेन्झाइतेन मानत आले. असं एकमेकांवर बसलेलं आहे सगळं. मेइजी काळात, १८६८ च्या सुमारास, सरकारने हुकूम काढून देव आणि बुद्ध वेगळे केले. आकामाचंच बघा, आधी ते आमिदाजी नावाचं बौद्ध मंदिर होतं, म्हणून तर होइचीच्या गोष्टीत भटजी सूत्रं लिहितात! देवळात सूत्रं कुठून आली असा प्रश्न कुणालाच कसा पडला नाही?

मोतोनोसुमीचा कोल्हा इनारीचा. इनारी भाताचा, पिकापाण्याचा, पुढे व्यापाराचाही देव, अस्सल तिथलाच. कोल्हा देव नाही, निरोप्या आहे. बौद्धांनी मात्र इनारीला डाकिनीशी जोडलं, कोल्ह्यावर बसलेली. तिथे हवं तर आपला धागा ओढा, पण तोही दूरचा.

तोरी आणि तोरण: जोडणारे जोडतात. सिद्ध झालंय असं म्हणू नका. मला स्वतःला गंमत वेगळीच वाटते. आकामाच्या त्या कमानीचं नाव सुइतेन-मोन. सुइतेन म्हणजे पाणी-आकाश, आणि बौद्ध परंपरेत हेच वरुणाचं जपानी नाव. कुरुमेला, म्हणजे धागाकर्तीपासून तासाभरावर, सुइतेनगू देऊळ आहे, तिथे हाच बुडालेला आंतोकु पुजला जातो. आईंना घेऊन जायला सोपं आहे, ट्रेनने होतं.

घारगे_वडे

@वाळवणातली_मिरची, हे मला गाइडबाईंकडून ऐकायचं होतं. कुरुमेचं नक्की.

ओले_काजू

आई भारीच. पण नाशिकला गोदावरीत आणि रेल्वेच्या पुलावरून नदीत आपणही नाणी फेकतोच की! माझी आजी तर गाडीचा पूल आला की आम्हाला झोपेतून उठवायची.

बाय द वे, फेकाफेकी आवडत असेल तर मियाझाकीला उदो देवळात जा. निचिनानच्या किनाऱ्यावर, कड्यातल्या गुहेत देऊळ आहे. खाली समुद्रात कासवाच्या आकाराचा खडक, त्याच्या पाठीवर दोरखंडाने आखलेला खळगा. मातीचे पाच छोटे गोळे घ्यायचे आणि त्या खळग्यात टाकायचे, बायकांनी उजव्या हाताने, पुरुषांनी डाव्या. माझ्या नवऱ्याचा डावा हात केवळ शोभेचा असल्याचं तिथे सिद्ध झालं. वाटेत आओशिमा बेट, भोवती खडकांच्या सरळ रेघा, "राक्षसाचं धुण्याचं पाटं" म्हणतात. आम्हीही दिवसाच्या टूरनेच गेलो होतो. मला तरी बरी वाटली, पण आमच्यात चाळीस मिनिटांचं दुकान नव्हतं.

घारगे_वडे

@ओले_काजू, आईला तुमचा गोदावरीचा मुद्दा वाचून दाखवला. उत्तर जसंच्या तसं: "नदी घेते. पेटी परत टाकते."

ओसाकावाली_मावशी

मी इथे २२ वर्षं आहे, येणाऱ्या-जाणाऱ्या सगळ्या पाहुण्यांना फिरवून फिरवून माझा हिशेब पक्का झालाय. बघ, गाइडवाली बस कुठे घ्यायची आणि कुठे नाही, याला एकच कसोटी: स्टेशनपासून देऊळ किती लांब.

मियाजिमाला बस घेऊन जाणं म्हणजे पैसे पाण्यात. हिरोशिमाहून ट्रेन, मग बोट, दहा मिनिटांत बेटावर. जाताना १०० येनचा बेटाचा कर, तो तिकिटातच. वेळ तुझी. आणि भरती-ओहोटी दोन्ही बघायची असते तिथे. भरतीला तोरी पाण्यात उभी, ओहोटीला तिच्या खांबापर्यंत चालत जाता येतं. गाइडच्या पन्नास मिनिटांत एकच मिळतं. आणि तुझ्या त्या पोराची गोष्ट इथेच जोडली जाते बरं का. इत्सुकुशिमाचं ते पाण्यावरचं रूप उभं करणारा ताइरा नो कियोमोरी, तो आंतोकुचा आजोबा. उडी मारणारी आजी ती त्याचीच बायको. आधी मियाजिमा बघून मग आकामाला गेलं की अंगावर काटा येतो.

इसेच्या मोठ्या देवळालाही तेच. नागोयाहून किंतेत्सु रेल्वेने दीड तास. बाहेरचं देऊळ आधी, आतलं नंतर, हा क्रम चुकवायचा नाही. आतलं बघून तुझी आई म्हणेल, "एवढंच?" कारण खरं देऊळ कुंपणाआड, दिसतं ते छप्पर. दर २० वर्षांनी शेजारच्या मोकळ्या जागेत नवं बांधतात, मागचं २०१३ ला, पुढचं २०३३. तिथून फुतामीला जाऊन नवरा-बायकोचे खडक बघायचे, मधे जाड दोरखंड बांधलेला.

पण मोतोनोसुमी, उदो, त्सुनोशिमा अशा ठिकाणी, गाडी नसेल तर बसच घ्यावी. फक्त बुक करताना दोन गोष्टी विचारायच्या: प्रत्येक थांब्याला किती मिनिटं, आणि खरेदीचा थांबा आहे का. विचारलं की सांगतात. न विचारता सांगत नाहीत.

पाटा_वरवंटा

कसोटी पटली. शब्द मागे घेतो, निम्मे.

बंदर_टू_बंदर

मावशींना एक भर. शिमोनोसेकीहून पलीकडच्या मोजीला समुद्राखालून चालत जाता येतं, ७८० मीटरचा बोगदा, पादचाऱ्यांना फुकट. आतमध्ये जमिनीवर दोन प्रांतांची सीमारेषा रंगवलेली आहे, तिच्यावर एक पाय इकडे एक तिकडे ठेवून सगळे फोटो काढतात. कॅप्टन असून मीही काढला.

नाचणी_सत्व (तीन आठवड्यांनी)

धागा वर काढतेय. इथलं वाचून आम्ही गेल्या शनिवारी गेलो, वेगळ्या कंपनीने. मावशींचे दोन्ही प्रश्न आधी विचारले होते. मोतोनोसुमीला ७५ मिनिटं मिळाली, दुकान नाही. उत्तरेचा वारा इतका की देवळाखालच्या खडकातल्या भेगेतून समुद्राचं पाणी कारंज्यासारखं वर उडत होतं, "नागराजाचं शिंतोडं" असं काहीसं नाव सांगितलं. हिवाळ्यातच दिसतं म्हणे. मुलगी भिजली, रडली, मग हट्टाने पुन्हा तिथेच.

नाणं: नवऱ्याचं नवव्या फेरीला आत. त्याने जोरात "हो!" केलं आणि आजूबाजूच्या अनोळखी लोकांनी टाळ्या वाजवल्या. एक आजोबा येऊन नमस्कार करून गेले. बसमध्ये सगळी वाट तो मान ताठ करून बसला होता.

एक छोटी टीप: शिमोनोसेकी आधी आणि मग उत्तरेला असा क्रम असेल तर डावीकडची खिडकी धरा. समुद्र सगळा त्याच बाजूला.

घारगे_वडे

@नाचणी_सत्व, वा! आई पुढच्या आठवड्यात निघतेय. कुरुमे झालं, सुइतेनगूच्या अंगणात ती मनासारखी बसली, कुणी घड्याळ दाखवलं नाही. तिथल्या पेटीत नाणं ठेवायचं, फेकायचं नाही. दोन टाकले.

लायसन्सची तिसरी परीक्षा मंगळवारी आहे.